ब्रेमर, फ्रेद्रिका

(१७ ऑगस्ट १८०१ – ३१ डिसेंबर १८६५). स्वीडिश कादंबरीकार व प्रवासलेखिका. स्वीडिश भाषेत घरगुती जीवनाची वास्तववादी कादंबरी रुजवणाऱ्यांत तिचे नाव आधी घेतले जाते. जन्म फिनलंडमधील तुर्कूजवळच्या एका वाड्यात. फिनलंड तेव्हा स्वीडनच्या राज्यात होता. ती तीन वर्षांची असताना कुटुंब स्टॉकहोमला आले. पुढे वडिलांनी शहराच्या दक्षिणेला ओर्स्ता येथे मोठी गढी व जमीनजुमला घेतला.

घरी पैशाला तोटा नव्हता, मुलींना मात्र उंबऱ्याबाहेर मोकळीक नव्हती. त्या नाजूक दिसाव्यात म्हणून आई त्यांना पोटभर खाऊ देत नसे. हातपाय हलवायचेच असतील, तर खुर्चीची पाठ धरून जागच्या जागी उड्या मारायच्या. फ्रेंच, संगीत, चित्रकला, भरतकाम असे सगळे शिकवले गेले, पण त्या शिक्षणाचे करायचे काय, हे कोणी सांगितले नाही. १८२१-२२ मध्ये आईवडील व भावंडांबरोबर जर्मनी, स्वित्झर्लंड, पॅरिस पाहून झाले. परतल्यावर तेच घर अधिकच कोंदट वाटू लागले.

ओर्स्ताच्या परिसरातील गोरगरिबांची शुश्रूषा ती करू लागली. औषधपाण्याला पैसे कमी पडत, म्हणून लिहायला घेतले. दैनंदिन जीवनाची शब्दचित्रे (१८२८) हे पहिले पुस्तक निनावी निघाले. त्याच मालेत आलेल्या ‘एच’ कुटुंबाच्या कथेने (१८३०-३१) नाव झाले आणि स्वीडिश अकादमीने तिला सुवर्णपदक दिले. या कथेची निवेदिका बिआटा ही घरातली मदतनीस. तिच्या आडनावाचा अर्थच ‘रोजचे’, ‘नेहमीचे’ असा. स्वयंपाकघर, पाहुणे, सोयरिकी यांकडे ती मिश्किलपणे पाहते. पण त्याच घरात आंधळी एलिझाबेथ आहे, आणि तिचा कोंडलेला आक्रोश सुरू झाला की ही हसरी कहाणी एकदम काळवंडते. ब्रेमरला केवळ गोडगोड संसारकथांची लेखिका समजणाऱ्यांनी ही पाने चाळलेली नसावीत.

क्रिस्तियनस्टाडचा शिक्षक बोक्लिन याच्याकडे तिने तत्त्वज्ञानाचे पाठ घेतले. त्याने लग्नाची मागणी घातली तेव्हा लेखनासाठी तिने नकार दिला. पत्रव्यवहार मात्र पुढेही चालू राहिला. अविवाहित स्त्री कितीही वयाची झाली तरी कायद्याने अज्ञानच, असा तेव्हाचा स्वीडिश कायदा होता. वडील वारल्यावरही स्वतःच्या कमाईवर हक्क मिळवण्यासाठी नामवंत लेखिकेला राजाकडे अर्ज करावा लागला. शेजारी (१८३७) या कादंबरीचा मेरी हाउइटने केलेला अनुवाद १८४२ मध्ये आला आणि इंग्रजी वाचकांत ती लोकप्रिय झाली.

ऑक्टोबर १८४९ मध्ये ती एकटीच न्यूयॉर्कला उतरली आणि सुमारे दोन वर्षे अमेरिकेत हिंडली. इमर्सन, लाँगफेलो यांना भेटली; शेकर पंथीयांच्या वस्त्या, तुरुंग, शाळा पाहिल्या; गुलामांचे बाजार पाहिले, क्यूबातील उसाचे मळे पाहिले. मिनेसोटा पाहून हा प्रांत नवा स्कँडिनेव्हिया होईल, असे तिने लिहिले आणि नंतर तिथे खरोखरच स्वीडिश व नॉर्वेजियन लोक मोठ्या संख्येने गेले. नव्या जगातील घरे (१८५३-५४) हे प्रवासवर्णन मुख्यतः धाकटी बहीण आगाथा हिला लिहिलेल्या पत्रांच्या रूपात आहे. शीर्षकातला ‘घरे’ हा शब्द तिने जपून वापरला आहे: देश कसा आहे हे ती यजमानांच्या माजघरात बसून, तिथल्या बायकामुलांवरून ठरवते. कादंबरीकाराची ही नजर या पुस्तकाचे खरे बळ आहे. घरातले बोलणे छापून आल्याने काही यजमान रुसले, ते वेगळे. १८५१ च्या अखेरीस ती मायदेशी परतली, तेव्हा आगाथा या जगात नव्हती.

क्रिमियन युद्धाच्या काळात, १८५४ मध्ये, जगभरच्या स्त्रियांनी शांततेसाठी एकत्र यावे असे आवाहन तिने लंडनच्या टाइम्समधून केले. हेर्था (१८५६) या कादंबरीची नायिका बापाच्या पालकत्वात जखडलेली आहे. कला म्हणून ही कादंबरी काहीशी प्रचारकी आहे, आणि ब्रेमरलाही त्याचे वावडे नसावे: पुस्तकाच्या शेवटी तिने स्त्रियांच्या सज्ञानतेच्या खटल्यांची माहितीच जोडली. मोठा वाद पेटला. १८५८ मध्ये पंचविशी ओलांडलेल्या अविवाहित स्त्रीला सज्ञानतेसाठी न्यायालयात अर्ज करण्याची मुभा मिळाली. १८६३ मध्ये अर्जाचीही गरज उरली नाही. हे सारे श्रेय एका कादंबरीला देता येणार नाही, पण स्वीडनमध्ये या चर्चेला ‘हेर्था-वाद’ असेच म्हणतात.

हा वाद पेटला तेव्हा लेखिका देशाबाहेर होती. १८५६ ते १८६१ या काळात तिने स्वित्झर्लंड, इटली, पॅलेस्टाइन, तुर्कस्तान व ग्रीस पाहिले. जुन्या जगातील जीवन (१८६०-६२) त्यातून निघाले. ओर्स्ता येथे तिचे निधन झाले. १८८४ मध्ये सोफी आड्लरस्पारे हिने स्थापन केलेल्या स्त्री-संघटनेला ब्रेमरचे नाव आहे. अमेरिकेच्या आयोवा राज्यातील एक परगणाही ब्रेमर म्हणूनच ओळखला जातो.