शब्दाचे मूळ आणि शब्दाचे वय : जपानी कोशपरंपरेविषयी

'आरिगातो' हा जपानी आभारवाचक शब्द पोर्तुगीज 'ओब्रिगादो'वरून आला, असे पुष्कळ ठिकाणी सांगितले जाते. ध्वनिसाम्य आहे, अर्थसाम्य आहे, पोर्तुगीज व्यापारी जपानात गेले होते हेही खरे. मात्र ते तेथे पोहोचले १५४३च्या सुमारास. आणि 'असणे कठीण', म्हणून 'दुर्मीळ', या अर्थाचे 'आरिगाताशि' हे विशेषण आठव्या शतकातील 'मान्योशू' या काव्यसंग्रहात आढळते. दुर्मीळ ते मोलाचे, मोलाचे ते कृतज्ञतेचे, हा त्याचा अर्थप्रवास पुढच्या ग्रंथांतून पाहता येतो. येथे निकाल दिला तो नोंदीखालच्या जुन्या अवतरणाने.

शब्द आला कोठून आणि शब्द आहे केव्हापासून, हे दोन प्रश्न आपण वर्गात बहुधा एकाच दमात विचारतो. जपानी कोशकारांना ते वेगळे करावे लागले, कारण पहिल्याचे उत्तर त्यांच्या हाती फारसे नाही. मराठी शब्द घेतला की प्राकृत, संस्कृत अशा पायऱ्या उतरता येतात. गुजराती, कोकणी, हिंदी साक्षीला असतात. कृ. पां. कुलकर्णी यांचा १९४६चा 'मराठी व्युत्पत्ति कोश' याच आधारावर उभा आहे. जपानीचे सर्वमान्य आप्त म्हणजे मुख्यतः र्‍यूक्यू बेटांवरील भाषा. सलग लिखित पुरावाही आठव्या शतकापासूनचा. ओनो सुसुमु (१९१९–२००८) यांच्यासारख्या जाणत्या कोशकाराने हे नाते थेट तमिळशी जोडून पाहिले, पण त्यांची ध्वनिसमीकरणे बहुसंख्य भाषाशास्त्रज्ञांना पटली नाहीत.

पुरावा नसला की कल्पकता वाढते. काइबारा एकिकेन यांचा १७००मध्ये प्रसिद्ध झालेला 'निहोन शाकुम्यो' जुन्या चिनी 'शिमिंग'च्या धर्तीवर शब्दांची मुळे सांगतो. ध्वनीने जवळचा दुसरा शब्द शोधायचा आणि त्यातून अर्थ काढायचा, अशी ही रीत. यास्काचे 'निरुक्त' वाचलेल्यांना येथे परके वाटणार नाही. आराई हाकुसेकी यांचा १७१७च्या सुमाराचा 'तोगा' अधिक सावध आहे. शब्दांचे उच्चार काळागणिक बदलतात, हे भान त्यात दिसते.

या भानाचे मोल 'कामि' या शब्दाच्या कथेत कळते. 'कामि' म्हणजे देव आणि 'कामि' म्हणजेच वर. तेव्हा वर असतो तो देव, ही व्युत्पत्ति पिढ्यान्‌पिढ्या विद्वानांना मोहवीत आली. तिच्यात तत्त्वज्ञानही होते. १९१७मध्ये हाशिमोतो शिन्किची यांनी आठव्या शतकातील लेखनपद्धतीकडे लक्ष वेधले. त्या काळी 'मि' लिहिण्यासाठी चिनी अक्षरांचे दोन गट वापरीत आणि त्यांची सरमिसळ करीत नसत. देववाचक 'कामि' एका गटात लिहिला जाई, 'वर' या अर्थाचा दुसऱ्या. म्हणजे उच्चारच भिन्न होते. पुढे ते एकरूप झाले. शतकानुशतके गोड वाटलेले समीकरण दोन अक्षरगटांच्या मोजदादीने निकामी केले. हा भेद अठराव्या शतकाच्या अखेरीस इशिझुका तात्सुमारो यांना दिसला होता. त्याकडे शतकभर कोणी पाहिले नाही, ही विद्वत्तेच्या इतिहासातली नेहमीची गोष्ट.

उच्चाराचा असाच पुरावा परक्यांनीही जपला. जेझुइटांनी नागासाकीत १६०३मध्ये छापलेला, १६०४मध्ये पुरवणी जोडलेला जपानी-पोर्तुगीज कोश सुमारे ३२,००० शब्दांचा आहे. तो रोमन लिपीत असल्याने आजच्या 'हाना'चा, म्हणजे फुलाचा, उच्चार तेव्हा 'फाना' होता हे समजते. बोलीतले, स्त्रियांचे, काव्यातले शब्दही त्यात वेगळे दाखवले आहेत. जेझुइटांचे मुद्रणयंत्र १५९०मध्ये युरोपहून परतणाऱ्या तरुण जपानी दूतांबरोबर आले होते. वाटेत त्यांपैकी हारा मार्तिन्योने गोव्यात केलेले लॅटिन भाषण १५८८मध्ये तेथेच छापले गेले.

आधुनिक कोशाची सुरुवात ओत्सुकी फुमिहिको यांच्या 'गेनकाई'पासून, म्हणजे 'शब्दसागरा'पासून. शिक्षण मंत्रालयाने १८७५मध्ये काम सोपविले. १८८६मध्ये हस्तलिखित पुरे झाले आणि तसेच पडून राहिले. १८८८मध्ये ते स्वखर्चाने छापण्याच्या अटीवर त्यांना परत मिळाले. छपाई चालू असताना, १८९०च्या अखेरीस, त्यांची लहान मुलगी आणि पाठोपाठ पत्नी गेली. १८९१मध्ये चौथा खंड निघाला. उच्चार, व्याकरण, व्युत्पत्ति, अर्थ आणि आधार ही पाच अंगे कोशाला हवीतच, असा त्यांचा आग्रह. त्यांतील व्युत्पत्तीचे अंग आज सर्वांत दुबळे मानले जाते, विशेषतः मरणोत्तर निघालेल्या 'दाइगेनकाई'त. इतक्या कष्टाळू माणसालाही मूळ सांगण्याचा मोह आवरला नाही.

'निहोन कोकुगो दाइजितेन' या महाकोशाने (पहिली आवृत्ती १९७२–७६, वीस खंड, दुसरी २०००–०२, पाच लाख नोंदी, सुमारे दहा लाख अवतरणे) वेगळी वाट धरली. प्रत्येक अर्थाखाली जुन्यात जुने सापडलेले अवतरण, दुसऱ्या आवृत्तीत त्याच्या वर्षासह. व्युत्पत्तीची मते मात्र स्वतंत्र रकान्यात, क्रमांक घालून. ही निर्णय टाळण्याची पळवाट आहे असे कोणी म्हणेल. मला तो सभ्यपणा वाटतो. 'नेको' म्हणजे मांजर. झोपाळू म्हणून झोपेचा 'ने', की उंदरावर टपते म्हणून 'नेझुमि'तला 'ने'? कोश मते मांडतो, ती कोणत्या ग्रंथातली ते सांगतो आणि पुढच्या शब्दाकडे वळतो.