नव्वदावा दिवस

वडिलांच्या ट्रंकेत त्यांच्या दाव्याच्या 1979 च्या निकालाची नक्कल सापडली आणि मी या कायद्याचा माग काढू लागलो. ते छापखान्यात कंपोझिटर होते. ट्रकच्या धडकेत उजवा हात अधू झाला. न्यायाधिकरणाने डॉक्टरांच्या दाखल्यातली टक्केवारी घेतली आणि कमाईही तेवढीच बुडाली, असे धरले. खिळे जुळवणाऱ्याचा हात गेला म्हणजे धंदाच गेला, हे त्या हिशेबात कुठेच नव्हते.

1855 चा प्राणांतिक अपघात कायदा मृतांच्या आप्तांपुरता होता. जखमींना दिवाणी दाव्याचीच वाट होती. 1939 च्या मोटार वाहन कायद्यात 1956 च्या दुरुस्तीने दावा न्यायाधिकरणे आली, त्यांच्या निवाड्यावर उच्च न्यायालयात अपीलही आले. मुदत 90 दिवस. 1988 च्या कायद्याच्या कलम 173 ने ती कायम ठेवली. शिवाय भरपाई देणाऱ्याने अपील केल्यास 25,000 रुपये किंवा निवाड्याची निम्मी रक्कम, यांतील कमी ती, आधी भरायची. जखमीला ही अट नाही.

अवयवाच्या अपंगत्वाची टक्केवारी म्हणजेच कमाईतील घट नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने 2010 मध्ये स्पष्ट केले.

वडिलांनी अपील केले नाही; वकिलाची फी परवडली नाही. नकलेच्या पाठीवर मात्र मुदतीची शेवटची तारीख लिहिलेली आहे, डाव्या हाताच्या वाकड्या अक्षरात.