कुरवंजी : तमिळ लोकनृत्यातील मराठी राजाची भूगोलविद्या

हात पाहून भविष्य सांगत दारोदार फिरणारी भटकी स्त्री सोनगीर-धुळे परिसरातील वाचकांना अपरिचित नाही. तमिळनाडूत अशाच स्त्रीने एका नृत्यनाट्याला जन्म दिला. ‘कुरवर’ ही डोंगराळ भागातील जमात. त्यातील तरुणी ती ‘कुरवंजी’. महाराष्ट्रातील कैकाडी समाजाची बोलीही तमिळला जवळची आहे, हे येथे ध्यानात घेण्याजोगे.

कुरवंजीचे कथानक ठरलेले असते. मिरवणुकीत देवाला वा राजाला पाहून नायिका त्याच्यावर अनुरक्त होते व विरहाने झुरू लागते. तेवढ्यात टोपली घेऊन कुरवंजी येते, आपल्या डोंगराचे वैभव गाते, नायिकेचा हात पाहते आणि विवाहयोग सांगते. बिदागी म्हणून तिला दागिने मिळतात. पुढे तिला शोधत आलेला पारधी नवरा, हे दागिने कोठून आले, असे संशयाने विचारतो. प्रेक्षकांना खरी गंमत याच सवाल-जवाबात वाटते.

तंजावरच्या भोसले दरबारात या प्रकाराला आश्रय मिळाला. दुसरे सरफोजी (कारकीर्द १७९८ ते १८३२) यांना नायक करून तमिळमध्ये ‘सरभेंद्र भूपाल कुरवंजी’ रचली गेली. ती बृहदीश्वर मंदिराच्या उत्सवात देवदासी सादर करीत. खुद्द सरफोजींनी मात्र मराठीत ‘देवेंद्र कोरवंजी’ लिहिली आणि तिच्या गीतांतून चक्क जगाचा भूगोल सांगितला! श्वार्ट्झ या मिशनऱ्याच्या सहवासात वाढलेल्या या राजाला नव्या विद्येची ओढ होती. देशोदेशी भटकणारी कुरवंजी भूगोल सांगायला नेमकी योग्य, ही त्याची सूझ दाद देण्यासारखी आहे.

मराठी नाटकाचा इतिहास आपण १८४३ च्या सांगलीपासून, विष्णुदास भाव्यांपासून मोजतो. सरफोजी १८३२ मध्येच निवर्तले होते. त्याआधी शतकभर शहाजीराजे तंजावरात मराठी नाटके लिहीत होते. तरीही तंजावरची बोळवण बहुधा एखाद्या परिच्छेदात होते. ती अन्यायाची वाटते.

मंदिरातील कुरवंजीची परंपरा विसाव्या शतकाच्या मध्यास खंडित झाली. मद्रास प्रांतात १९४७ च्या कायद्याने देवदासी प्रथेवर बंदी आली. तत्पूर्वी, १९४४ मध्ये, रुक्मिणीदेवी अरुंडेल यांनी कलाक्षेत्रात ‘कुट्राल कुरवंजी’ भरतनाट्यमच्या अंगाने रंगमंचावर आणली होती. देवेंद्र कोरवंजीची संहिता तंजावरच्या सरस्वती महाल ग्रंथालयाने छापून प्रसिद्ध केली आहे.