बायोस संचिका (गेम कन्सोल)

गेम कन्सोलची बायोस संचिका म्हणजे कन्सोलच्या रॉम चिपमध्ये निर्मात्याने कायमस्वरूपी साठवलेल्या मूलभूत आज्ञावलीची संचिकारूपातील प्रत होय. जुन्या कन्सोलवरील खेळ संगणकावर किंवा मोबाइलवर चालवणाऱ्या काही एम्युलेटरना ही संचिका लागते. खेळाची प्रत आणि बायोस या दोन स्वतंत्र गोष्टी आहेत.

कार्य

कन्सोल सुरू होताच प्रोसेसर प्रथम बायोसमधील आज्ञा पाळतो. यंत्राचे भाग सज्ज करणे, बोधचिन्ह दाखवणे आणि खेळाकडे नियंत्रण सोपवणे ही त्याची प्रमुख कामे होत. गेम बॉयमधील ही आज्ञावली केवळ २५६ बाइटची आहे. ती कार्ट्रिजमधील बोधचिन्ह स्वतःजवळील नमुन्याशी ताडून पाहते आणि खेळ सुरू झाल्यावर तिचा संबंध संपतो. म्हणून गेम बॉयचे एम्युलेटर तिच्याविनाही चालतात. याउलट प्लेस्टेशनचा (१९९४) ५१२ किलोबाइटचा बायोस खेळ चालू असतानाही लागतो, कारण मेमरी कार्डावरील नोंदींसारख्या कामांसाठी खेळ त्यातील कार्ये वापरतात.

कन्सोलनिहाय गरज

* फॅमिकॉम: मूळ यंत्रात बायोस नाही. १९९० च्या दशकात भारतात विकल्या गेलेल्या कार्ट्रिजच्या अनेक 'व्हिडिओ गेम' यंत्रांची रचना याच कन्सोलवरून उचललेली होती. फॅमिकॉमच्या डिस्क सिस्टिमला मात्र ८ किलोबाइटची संचिका लागते.
* गेम बॉय ॲडव्हान्स: १६ किलोबाइट, एमजीबीए या एम्युलेटरमध्ये पर्यायी बायोस अंतर्भूत आहे.
* प्लेस्टेशन २: ४ मेगाबाइट, पीसीएसएक्स२ या एम्युलेटरला अनिवार्य.

जपान, उत्तर अमेरिका व युरोप यांसाठीच्या आवृत्त्या भिन्न असतात. संचिकेचे नाव बदलता येत असल्याने तिची ओळख एमडी५ सारख्या हॅश मूल्यावरून पटवतात.

कायदेशीर बाजू

'सोनी विरुद्ध कनेक्टिक्स' या खटल्यात अमेरिकेच्या नवव्या परिमंडळाच्या अपील न्यायालयाने फेब्रुवारी २००० मध्ये निकाल दिला. कनेक्टिक्सने प्लेस्टेशनचा बायोस अभ्यासासाठी उतरवला होता. विक्रीस काढलेल्या एम्युलेटरमध्ये मात्र सोनीची आज्ञावली नव्हती. अभ्यासासाठीच्या या मधल्या प्रती न्यायालयाने उचित वापर ठरवल्या. बायोस वाटण्याची मुभा या निकालाने मिळाली नाही.

भारतात प्रताधिकार अधिनियम, १९५७ नुसार संगणक आज्ञावली ही साहित्यकृतीत मोडते. कलम ५२ अन्वये कायदेशीर प्रत बाळगणाऱ्यास सुरक्षिततेसाठी प्रत काढण्याची, तसेच स्वतंत्रपणे रचलेली आज्ञावली इतर आज्ञावलींबरोबर चालावी यासाठी आवश्यक ती माहिती, ती अन्यथा सहज उपलब्ध नसल्यास, मिळवण्याची मुभा आहे. मात्र आज्ञावलीची बेकायदा प्रत जाणीवपूर्वक संगणकावर वापरणे हा कलम ६३ब अन्वये गुन्हा असून त्यास ३ वर्षांपर्यंत कारावास व २ लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. वापर व्यापारी लाभासाठी नसल्यास न्यायालय कारावास टाळून केवळ ५० हजार रुपयांपर्यंत दंड करू शकते. कन्सोलचे उत्पादन थांबल्याने त्याच्या बायोसवरील प्रताधिकार संपत नाही.

पर्याय

बायोसमधील कार्यांची नक्कल एम्युलेटरनेच करण्याच्या पद्धतीस उच्चस्तरीय एम्युलेशन म्हणतात. प्लेस्टेशनसाठी 'ओपनबायोस' ही मुक्तस्रोत आज्ञावलीही उपलब्ध आहे. अशा पर्यायांमुळे मूळ संचिकेची गरज टळते. तथापि काही खेळ त्यांवर अचूक चालत नाहीत.