न झालेल्या मालिकेचा इतिहास : ‘स्टार ट्रेक – फेज टू’

इतिहास म्हटला की जे घडलं त्याबद्दल आपण बोलतो. आज जे घडता घडता राहिलं, त्याबद्दल बोलू. उदाहरण दूरचित्रवाणीतलं आहे, अमेरिकेतलं आहे, आणि विज्ञानकथेचं आहे. कुणाला ते हलकंफुलकं वाटेल. पण ‘वाया गेलेली शक्यता’ हा शब्द आपण रोज वापरतो, आणि त्याचा अर्थ काय हे तपासायला इतकं नीट नोंदवलेलं उदाहरण क्वचितच मिळतं.

आधी पार्श्वभूमी. जीन रॉडनबेरी यांची ‘स्टार ट्रेक’ ही मालिका १९६६ ते १९६९ या काळात एनबीसीवर झाली. ७९ भाग झाले, प्रेक्षकसंख्या पुरेशी नाही म्हणून बंद पडली. पुढे गंमत अशी झाली, की स्थानिक वाहिन्यांवर जुनेच भाग पुन्हा पुन्हा दाखवले जाऊ लागले आणि बंद पडलेल्या मालिकेचा प्रेक्षक वाढतच गेला. १९७६ मध्ये अमेरिकेच्या पहिल्या स्पेस शटलला ‘एंटरप्राइज’ हे नाव मिळालं, ते या प्रेक्षकांनी पाठवलेल्या पत्रांच्या ढिगामुळे. म्हणजे मागणी होती, हे लक्षात ठेवा.

जून १९७७ मध्ये पॅरामाउंट कंपनीने जाहीर केलं, की आम्ही स्वतःचं दूरचित्रवाणी जाळं काढतोय. तेव्हा अमेरिकेत तीनच मोठी जाळी होती – एनबीसी, सीबीएस आणि एबीसी. हे चौथं. आठवड्यातून एकच संध्याकाळ, आणि त्या संध्याकाळचं मुख्य आकर्षण नवी ‘स्टार ट्रेक’. तिचं नाव ‘फेज टू’.

काम कुठवर आलं होतं? तेरा भागांच्या संहितांवर लेखक बसले होते. यानाचा नवा आराखडा झाला होता, सेट उभे राहत होते, पोशाखांच्या चाचण्या चित्रित झाल्या होत्या. स्पॉकची भूमिका करणारा लेनर्ड निमॉय मालिकेत परतायला तयार नव्हता. म्हणून झॉन नावाचा तरुण व्हल्कन शास्त्रज्ञ निर्माण केला गेला आणि डेव्हिड गोत्रो या नटाची निवड झाली. डेकर नावाचा दुय्यम अधिकारी होता. आणि इलिया ही डेल्टन वंशाची, केस नसलेली अधिकारी होती. तिच्यासाठी निवड झाली आपल्या मुंबईच्या पर्सिस खंबाटा यांची. १९६५ च्या मिस इंडिया! पुढे या भूमिकेसाठी त्यांनी खरोखर मुंडण केलं.

आणि मग नोव्हेंबर १९७७ मध्ये, चित्रीकरण तोंडावर आलेलं असताना, मालिका रद्द झाली.

का? लोकप्रिय उत्तर असं, की त्या वर्षी मे महिन्यात ‘स्टार वॉर्स’ आला आणि सगळ्यांना चित्रपटच हवासा झाला. हे अर्धं खरं आहे. दुसरं अर्धं जास्त रुक्ष आहे. नव्या जाळ्याला पुरेसे जाहिरातदार मिळाले नाहीत. जाळंच गुंडाळलं गेलं, आणि त्याच्यासाठी बांधलेली मालिका निराधार झाली. पहिल्या भागाची कथा, म्हणजे माणसाने सोडलेलं जुनं यान प्रचंड रूप घेऊन आपल्या निर्मात्याच्या शोधात परत येतं ही कल्पना, वरिष्ठांना चित्रपटाच्या तोलाची वाटलीच होती. तीच ७ डिसेंबर १९७९ रोजी ‘स्टार ट्रेक : द मोशन पिक्चर’ म्हणून पडद्यावर आली. इलिया त्यात आहे. झॉन नाही, कारण निमॉय परतला. गोत्रोच्या वाट्याला एका अंतराळ स्थानकाच्या प्रमुखाची छोटी भूमिका आली.

म्हणजे बघा, कल्पना कमी पडली नाही, प्रेक्षक कमी पडला नाही, कलावंतही कमी पडले नाहीत. कमी पडली ती वाहून नेणारी व्यवस्था. हे जाळं थोडं आधीच निघालं होतं, असंही म्हणता येईल. कारण त्या वेळी पॅरामाउंटचे प्रमुख असलेले बॅरी डिलर यांनीच पुढे १९८६ मध्ये फॉक्सचं जाळं उभं केलं, आणि ते टिकलं. खुद्द पॅरामाउंटने १९९५ मध्ये यूपीएन हे जाळं काढलं, तेव्हा त्याची सुरुवात कशाने झाली? ‘स्टार ट्रेक’च्याच ‘व्हॉयेजर’ या मालिकेने. १९७७ चा बेत अठरा वर्षांनी जसाच्या तसा अमलात आला!

मग वाया काय गेलं? इथे आपल्या न्याय-वैशेषिकांना विचारू. त्यांनी अभावाचे प्रकार पाडले आहेत. घडा होण्यापूर्वी मातीत त्याचा जो अभाव असतो तो प्रागभाव. त्याला आरंभ नाही, पण शेवट आहे – घडा झाला की तो संपतो. मोडलेल्या घड्याचा अभाव तो प्रध्वंसाभाव. त्याला आरंभ आहे, शेवट नाही. आता जो घडा कधी झालाच नाही, त्याचा अभाव कोणता? नैयायिक काटेकोर आहेत. जे पुढे होणार आहे त्याचाच प्रागभाव असतो, असं ते म्हणतील. जे झालंच नाही त्याच्याविषयी ‘ते हरवलं’ असं बोलायला ते परवानगी देणार नाहीत.

हा कडकपणा उपयोगी आहे. तो आपल्याला विचारायला लावतो, की कुंभाराच्या अंगणातल्या त्या मातीचं पुढे काय झालं? मातीचा तर घडा झाला. ‘फेज टू’चे सेट फेरफार करून चित्रपटात वापरले गेले, आणि त्यांतले काही भाग १९८७ च्या ‘द नेक्स्ट जनरेशन’ या मालिकेतही आले. डेकर आणि इलिया यांचं नातं रायकर आणि ट्रॉय यांच्यात दिसतं. झॉनचा काही अंश डेटा या यंत्रमानवात उतरला. १९८८ मध्ये अमेरिकेत लेखकांचा संप झाला, तेव्हा ‘द चाइल्ड’ ही जुनी संहिता काढून इलियाच्या जागी ट्रॉयला बसवलं. ‘डेव्हिल्स ड्यू’ १९९१ मध्ये आली. मग तक्रार कसली?

तक्रार अशी, की माती जागा बदलते, काळ बदलत नाही.

दोन उदाहरणं देतो. झॉन हा पूर्ण व्हल्कन. स्पॉकची आई मानव होती, त्यामुळे त्याला माणसं कळत. झॉनला ते भाग्य नाही. सहकाऱ्यांशी वागता यावं म्हणून तो भावना शिकायला बघतो. यात तो स्वतः अपूर्ण नाही. त्याची संस्कृती भरलेली आहे. डेटाला मात्र माणूस व्हायचंय. अपूर्णाने पूर्ण होऊ पाहणं वेगळं, आणि पूर्णाने केवळ शेजाऱ्यासाठी परकी भाषा शिकणं वेगळं. दुसरा प्रश्न झॉनबरोबर राहून गेला.

दुसरं उदाहरण जास्त महत्त्वाचं. जॉन मेरेडिथ लुकस यांची ‘किटुंबा’ नावाची दोन भागांची संहिता होती. त्यात कर्क आणि त्याचे सहकारी क्लिंगॉनांच्या मूळ ग्रहावर जातात, युद्ध टाळण्यासाठी. जुन्या मालिकेत क्लिंगॉन म्हणजे शत्रू, एवढंच. आणि शीतयुद्धातला प्रेक्षक त्यांच्यात रशियाच पाहत असे. इथे त्या शत्रूचं घर दिसणार होतं – त्याचे रिवाज, त्याची सन्मानाची कल्पना, त्याच्या अंतर्गत अडचणी. पडद्यावर क्लिंगॉनांचं घर पहिल्यांदा सविस्तर दिसलं ते १९९० मध्ये. तोवर बर्लिनची भिंत पडली होती. शत्रूलाही घर असतं, हे १९९० मध्ये सांगणं समंजसपणाचं होतं. १९७८ मध्ये, अण्वस्त्रं रोखलेली असताना, घरोघरी बसलेल्या प्रेक्षकाला ते सांगणं धाडसाचं ठरलं असतं. वाक्य तेच, पण बोलण्याची वेळ निघून गेल्यावर ते वेगळं वाक्य होतं.

‘फेज टू’ थोर झाली असती, असं मी म्हणत नाही. तेरा भागांतले काही सुमारच निघाले असते. दर आठवड्याला लिहिलेल्या कुठल्याही मालिकेचं तेच होतं. पण शक्यता कागदावर साठवून ठेवता येते, हा आपला समज मात्र या इतिहासाने तपासून घ्यावा. संहिता कपाटात राहिली, दहा वर्षांनी उपयोगी पडली, म्हणून काहीच वाया गेलं नाही, असा हिशेब कंपनीच्या वहीत बरोबर असतो. ज्या श्रोत्याला ती गोष्ट तेव्हा ऐकायची गरज होती, त्याच्या वहीत तो बरोबर नसतो. आपल्याकडेही योग्य वेळेची वाट पाहत पडून राहिलेल्या योजना, संहिता, संस्था कमी नाहीत. त्यांच्याकडे बघताना हा दुसरा हिशेबही मांडून बघा.