खाजगी शाळांतील शिक्षकांच्या बडतर्फीचे कज्जे

जुनीं दफ्तरें चाळणाऱ्यांस वतनाचे कज्जे नवे नाहींत. वादी आपला हक्क शाबीत करण्यासाठीं सनद, महजर किंवा निवाडपत्र पुढें करी. ज्याच्यापाशीं अस्सल कागद असे त्याचें पारडें जड होई. त्याच जातीचा, परंतु अलीकडील काळांतील एक कज्जा आम्ही येथें वाचकांपुढें ठेवीत आहों. तो म्हणजे खाजगी शाळेच्या चालकांनीं नोकरीवरून दूर केलेल्या शिक्षकाचा. सव्वाशें वर्षांच्या अवधींत या शिक्षकाची जागा चालकांच्या मर्जीवरून निघून कायद्याच्या आधारावर आली. हें स्थित्यंतर नेमणूकपत्रें, नोटिसा आणि जावकवह्या यांत जितकें स्पष्ट दिसतें तितकें शिक्षणाच्या इतिहासग्रंथांत दिसत नाहीं, असें आमचें मत आहे.

गांवच्या पंतोजीचा चरितार्थ मुलांच्या घरून येणाऱ्या धान्यावर व पैशावर चाले. सन १८५४ च्या वुडच्या खलित्यानें खाजगी शाळांस सरकारी अनुदान देण्याची पद्धत पुरस्कारिली, व सन १८८२ च्या हंटर कमिशननें खाजगी प्रयत्नांस आणखी उत्तेजन दिलें. सरकार पैसा देई व तपासणी करी. शिक्षकास नेमणारे व काढणारे मात्र चालकच. पुण्याच्या डेक्कन एज्युकेशन सोसायटींत (स्थापना सन १८८४) आजीव सभासद हेच शिक्षक व हेच चालक होते. म्हणून तेथील मतभेद विकोपास गेला तेव्हां लोकमान्य टिळकांनीं सन १८९० मध्यें कारणांचें सविस्तर निवेदन करून राजीनामा दिला. कोर्टाची पायरी चढण्याचा प्रश्न उद्भवला नाहीं. परंतु जो शिक्षक केवळ पगारी नोकर होता त्याच्या हातीं असें कोणतेंही साधन नव्हतें.

कायदाही त्याला फारसा अनुकूल नव्हता. सन १८७७ च्या विशिष्ट अनुतोष कायद्याच्या २१ व्या कलमानें, व्यक्तिगत गुणांवर व इच्छेवर अवलंबून असणारा करार कोर्टानें सक्तीनें पाळावयास लावूं नये असें ठरलें होतें. तात्पर्य, बडतर्फी अन्यायाची ठरली तरी शिक्षकास नुकसानभरपाई मिळे, गेलेली खुर्ची मिळत नसे. सन १९६३ च्या नव्या कायद्यांतही हेंच तत्त्व राहिलें. या नियमास सरकारी नोकर, औद्योगिक कायद्याखालील कामगार आणि कायद्यानें निर्मिलेल्या संस्थेनें त्याच कायद्याचा भंग करून काढलेला नोकर, असे तीन अपवाद मानले गेले. उत्तर प्रदेशांतील शामली येथील वैश्य डिग्री कॉलेजच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें सन १९७५ च्या डिसेंबरांत ठरविलें कीं, संस्था कायद्याखालीं नोंदलेली आहे एवढ्यानें ती कायद्यानें निर्मिलेली होत नाहीं. अर्थात् तिसरा अपवाद बंद झाला. राहिला कामगारांचा मार्ग. गोव्यांतील एका खाजगी शाळेनें सन १९७५ मध्यें काढलेल्या शिक्षिकेनें तो चोखाळून पाहिला. परंतु शिक्षक हा सन १९४७ च्या औद्योगिक कलह कायद्यांतील ‘कामगार’ नव्हे, असा निकाल सन १९८८ मध्यें लागला. एवढें समजण्यास तिला तेरा वर्षें लागलीं.

महाराष्ट्रांत ही उणीव भरून काढण्यासाठीं खाजगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा सन १९७७ चा कायदा झाला, व तो सन १९८१ च्या जुलैंत अंमलांत आला. अनुदान असो वा नसो, तो खाजगी शाळांस लागू आहे. बडतर्फ झालेल्या, सेवेंतून काढलेल्या किंवा पदावनत केलेल्या शिक्षकास ३० दिवसांचे आंत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करतां येतें, आणि न्यायाधिकरणास त्याला पुन्हां कामावर घेण्याचा हुकूम देतां येतो. सन १८७७ पासून जें दिवाणी कोर्ट देऊं शकत नव्हतें तें येथें मिळालें.

संग्राहकांच्या दृष्टीनें या कायद्याचें ७ वें कलम विशेष महत्त्वाचें आहे. राजीनामा दोन प्रतींत लिहावा, दोन्हींवर सही व तारीख घालावी, एक प्रत रजिस्टर टपालानें चालकांकडे पाठवावी व दुसरी स्वतःपाशीं ठेवावी, असें तें सांगतें. राजीनामा दिला कीं घेतला, हा वाद किती जुना व किती कडवट असला पाहिजे तें या सावधगिरीवरूनच ताडतां येतें. तसेंच नियमांतील चौकशी समितीचें. शिक्षकावर आरोप असतां चालकांचा एक प्रतिनिधि, शिक्षकानें सुचविलेला दुसऱ्या एखाद्या खाजगी शाळेंतील वा त्याच शाळेंतील एक कर्मचारी, आणि पुरस्कारप्राप्त शिक्षकांच्या यादींतून घेतलेला एक, असे तिघे बसतात. ही रचना पाहून जुन्या पंचायतींची आठवण झाल्यावांचून राहत नाहीं.

पुढील निकालांनीं हा आधार बळकट केला. शिक्षणाधिकाऱ्याची मान्यता नाहीं एवढ्यावरून नेमणूक निरर्थक ठरत नाहीं, असें मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठानें सांगितलें. सन २००७ मध्यें मराठवाड्यांतील एका शिक्षिकेस काढण्यांत आलें. सन २००९ मध्यें न्यायाधिकरणानें तिला मागील पूर्ण पगारासह परत घेण्यास सांगितलें. उच्च न्यायालयानें पगाराचा भाग रद्द केला. सर्वोच्च न्यायालयानें सन २०१३ मध्यें तो पुन्हां कायम केला. बडतर्फी बेकायदेशीर ठरल्यास मागील पगार मिळणें हाच सामान्य नियम होय, असा त्या निकालाचा आशय आहे. जिची चूल सहा वर्षें त्या पगारावांचून पेटली तिला याचा अर्थ निराळा सांगावयास नको.

निकालपत्रें ग्रंथांत छापलीं जातात. तीं नष्ट होण्याचें भय थोडें. भय आहे तें हजेरीपट, पगारपत्रकें, नेमणूकपत्रें, मंडळाच्या सभांचीं इतिवृत्तें आणि टपालाच्या पावत्या यांविषयीं. शिक्षक त्या दिवशीं वर्गावर हजर होता कीं नव्हता, जागा कायम होती कीं तात्पुरती, नोटीस पोंचली कीं नाहीं, याचा निर्णय यांवरूनच होतो. शाळा बंद पडली किंवा इमारत बदलली म्हणजे असे कागद रद्दींत जातात. मोडी रुमाल सोडवून आणणाऱ्या आमच्या स्नेह्यांनीं या देवनागरी गठ्ठ्यांसही आपल्या कपाटांत जागा द्यावी. गठ्ठ्यांचा मूळ क्रम मोडूं नये, लखोटे व पावत्या पत्रांपासून वेगळ्या करूं नयेत, आणि हयात माणसांचीं नांवें असलेलीं प्रकरणें प्रकाशित न करतां मोहोरबंद ठेवावीं. पाटलाच्या वतनाचा कागद आपण जपला. मास्तरांच्या नोकरीचाही तितकाच जपण्याजोगा आहे.