मस्टरवरचा मिडफिल्डर

मुंबईच्या फुटबॉलचा इतिहास सांगायला बसलं की रोव्हर्स कप येतो, कूपरेजचं मैदान येतं आणि मग नेव्हिल डिसोझा येतो. १९५६च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये भारताने ऑस्ट्रेलियाला ४-२ असं हरवलं, त्यात त्याने तीन गोल केले होते. हे सगळं खरं आहे आणि सांगायलाच हवं. पण कुठल्याही शहराचा खेळ अशा चार-दोन तेजस्वी माणसांवर चालत नाही. तो चालतो मधल्या फळीतल्या, मधल्या दर्जाच्या खेळाडूवर. हा माणूस पंधरा वर्षं लीगमध्ये खेळतो, जमलं तर एखाद्या मोसमात संतोष ट्रॉफीच्या शिबिरापर्यंत पोचतो आणि वर्तमानपत्रात त्याचं आडनाव फक्त निकालाच्या बारीक टायपात छापून येतं. त्याचा इतिहास शोधायचा तर क्लबच्या कपाटात हात घालून उपयोग नाही, कंपनीच्या पर्सोनेल खात्यात जावं लागतं. माझं म्हणणं असं की, मुंबईत फुटबॉल हा स्वतंत्र पेशा फार काळ नव्हताच, तो नोकरीच्या आधाराने जगला. नोकरी देणाऱ्यांनी खेळाडू भरती करणं थांबवलं तेव्हा तारे तरले, मधली फळी मात्र बसली. ही पडझड कूपरेजच्या स्टँडवरून नीट दिसत नाही. ती चारकोपसारख्या उपनगरातून जास्त स्पष्ट दिसते.

तुलनेसाठी इंग्लंडकडे पाहू, कारण आपल्याकडे खेळ तिथूनच आला. तिकडचे कितीतरी बडे क्लब मुळात कारखान्यांचे. वुलविचच्या तोफखान्यातल्या कामगारांनी १८८६ मध्ये काढलेला संघ पुढे आर्सेनल झाला, न्यूटन हीथच्या रेल्वे कामगारांचा मँचेस्टर युनायटेड, आणि थेम्स आयर्नवर्क्स या जहाजबांधणी कारखान्याचा वेस्ट हॅम. पण एका पिढीच्या आत हे संघ कारखान्यापासून सुटे झाले आणि वस्तीचे, गावाचे बनले. तिकीट काढून येणारा प्रेक्षक त्यांचा खरा मालक झाला, निदान मनाने तरी. तिसऱ्या-चौथ्या श्रेणीतल्या मिडफिल्डरचं पोट याच प्रेक्षकावर चालायचं. ते चैनीचं कधीच नव्हतं. १९६१ पर्यंत खेळाडूचा पगार आठवड्याला कमाल २० पौंड, यापेक्षा जास्त द्यायलाच बंदी होती. ती मर्यादा उठल्यावरही खालच्या श्रेणीत एक-दोन वर्षांचे करार, तिशी ओलांडली की धाकधूक आणि पस्तिशीच्या आसपास बूट खुंटीला. त्याची संघटना १९०७ पासून होती, पण निवृत्तीनंतरच्या आयुष्याची सोय ज्याची त्यानेच करायची. थोडक्यात, तिथला क्लब टिकाऊ होता आणि खेळाडू बदलता.

मुंबईत गणित उलटं बसलं. इथे संघ काढले ते टाटांनी, कॅलटेक्ससारख्या तेल कंपन्यांनी, मफतलाल आणि ऑर्केसारख्या गिरणीवाल्यांनी, रेल्वेने, बँकांनी, आरसीएफ या खत कंपनीने, एअर इंडियाने, ओएनजीसीने. १९५८चा रोव्हर्स कप कॅलटेक्सने जिंकला, म्हणजे कलकत्त्याचे नावाजलेले क्लब उतरत त्या स्पर्धेत एका तेल कंपनीचा ऑफिस संघ अजिंक्य ठरला. महिंद्रा अँड महिंद्राने १९६२ मध्ये संघ उभा केला, तोही कर्मचाऱ्यांच्या स्पोर्ट्स क्लबच्या नावाने. या संघात जाणारा मुलगा क्लबशी करार करत नसे, त्याला नेमणुकीचं पत्र मिळे. आधी हंगामी, मग खेळ आणि वागणूक पाहून कायम. सकाळी मस्टरवर सही करायची, दुपारी सरावासाठी साहेबाच्या परवानगीने लवकर निघायचं, मुंबईच्या हारवूड लीगची मॅच असेल तर ऑन ड्यूटी. बाहेरगावच्या स्पर्धेला गेलं की भत्ता, राज्याकडून खेळलं की एखादी जादा वेतनवाढ. टेबलावरची फाइल शेजारचा सहकारी ओढून नेई, आणि त्याबद्दल कुरकुरही करी. मग गुडघा कुरकुरू लागला की खेळाडू हळूहळू त्याच टेबलाशी परत येई आणि अठ्ठावन्नाव्या किंवा साठाव्या वर्षी प्रॉव्हिडंट फंड, ग्रॅच्युइटी घेऊन निवृत्त होई. खेळ पंधरा वर्षांचा, नोकरी पस्तीस वर्षांची. इंग्लंडच्या चौथ्या श्रेणीतल्या त्याच्या भाईबंदाला ही खात्री स्वप्नातही मिळाली नसती.

या खात्रीची किंमत समजून घ्यायची तर चारकोपचा नकाशा पाहावा. जुनं चारकोप गाव खाडीकाठचं. पण आज चारकोप म्हटल्यावर जे सेक्टर डोळ्यांसमोर येतात, ते जागतिक बँकेच्या कर्जातून १९८५ मध्ये सुरू झालेल्या मुंबई नागरी विकास प्रकल्पाचे. म्हाडाने इथे बांधलेली घरं वाटली नाहीत. तिने रस्ते, पाणी आणि गटारं पुरवून छोटे छोटे भूखंड दिले. जोतं आणि न्हाणी-संडास तयार, वरचं घर ऐपतीप्रमाणे ज्याचं त्याने चढवायचं. मधल्या अंगणाभोवती तीसेक-पस्तीसेक भूखंडांची एक सोसायटी. दक्षिण मुंबईत किंवा दादर-परळला ज्यांना आता जागा परवडत नव्हती, अशा अल्प उत्पन्न गटातल्या माणसांसाठी ही योजना होती. तिचा सगळा डोलारा एका गृहीतकावर उभा होता, ते म्हणजे घरात दर महिन्याला ठरावीक पगार येतो आणि त्यातून हप्ता भरता येतो. लीगमधल्या सामान्य हाफबॅकची आर्थिक पातळी हीच. गोलमागे मिळणाऱ्या बक्षिसावर कोणी पत्र्याच्या जागी स्लॅब टाकत नाही, त्यासाठी सॅलरी स्लिप लागते. ऑफिसची सॅलरी स्लिप असलेल्या फुटबॉलपटूला चारकोप-गोराईत घर करता येणं शक्य होतं. मोसमागणिक करार करणाऱ्याला ते कुठून जमणार? चारकोपहून बेस्टच्या बसने कांदिवली स्टेशन आणि तिथून लोकलने चर्चगेट हा तासा-सव्वा तासाचा प्रवास करून कूपरेजवर घाम गाळायचा आणि रात्री परतायचं, हे ज्याला परवडतं त्याच्यामागे कुठलं तरी ऑफिस उभं असतं.

मग हे ऑफिस मागून सरकू लागलं, तेही एका दिवसात नाही. १८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप सुरू झाला, सुमारे अडीच लाख कामगार रस्त्यावर आले आणि ज्या उद्योगाच्या पैशावर अनेक खेळ पोसले जात होते त्याचाच कणा मोडला. नव्वदच्या दशकात सरकारी बँका, महामंडळं यांची भरती आटली. २०००-०१ मध्ये बँकांच्या स्वेच्छानिवृत्ती योजनेत एक लाखाहून जास्त माणसं बाहेर पडली. जिथे कारकुनाची जागाच भरायची नाही, तिथे कारकून म्हणून राइट हाफ कसा भरणार? गंमत अशी की, याच काळात मुंबईचं फुटबॉल वरून भरभराटीत दिसत होतं. महिंद्रा युनायटेडने २००५-०६ची राष्ट्रीय लीग जिंकली. राष्ट्रीय लीगची आय-लीग झाल्यावर, २००८-०९ मध्ये तिच्या बारा संघांपैकी तीन मुंबईचे होते: महिंद्रा युनायटेड, एअर इंडिया आणि मुंबई एफसी. कलकत्ता आणि गोव्याच्या मक्तेदारीत ही लहान गोष्ट नाही. पण २०१० मध्ये महिंद्राने संघ गुंडाळला. २०१३ मध्ये परवाना पद्धतीचे निकष पूर्ण होत नाहीत म्हणून एअर इंडिया आणि ओएनजीसी आय-लीगबाहेर गेले. मुंबई एफसी २०१७ मध्ये खालच्या श्रेणीत घसरली आणि संपली. या तिन्ही घटना वेगवेगळ्या, तरी त्यांची मुळं एकाच जमिनीत आहेत. खेळाडूला नोकरी देणं हा कंपनीच्या कामाचा भाग होता तोवर संघ खर्चाच्या एका ओळीत लपून राहिला. तो स्वतंत्र क्लब म्हणून हिशेबाला लागला तेव्हा पुस्तकात फक्त तोटा उरला.

यावर पहिला आक्षेप ठरलेला असतो: क्रिकेटने खाल्लं. हे कारण इतकं सोयीचं आहे की ते कोणी तपासत नाही. मुंबईचं क्रिकेटही याच ऑफिसांवर पोसलेलं होतं. १९३०च्या दशकाच्या सुरुवातीपासून चालत आलेली टाइम्स शील्ड ही मुळातच कंपन्यांची स्पर्धा. कबड्डीचं तर विचारूच नका. गिरणगावातल्या आणि उपनगरांतल्या मराठी कबड्डीपटूंच्या पिढ्या रेल्वे, बँका, पोलीस आणि भारत पेट्रोलियमच्या जर्सीत वाढल्या. क्रिकेटने फुटबॉलला मारलं असतं तर क्रिकेटचा मधला खेळाडू सुखात असता. प्रत्यक्षात ऑफिस क्रिकेटचा जीवही त्याच काळात कमी झाला. वरच्या थरात आयपीएल आलं, म्हणून खालचं रिकामेपण झाकलं गेलं, इतकाच फरक. ज्या उद्योगसमूहाने २०१० मध्ये फुटबॉल संघ बंद केला, त्याचेच प्रमुख आनंद महिंद्रा पुढे क्रीडा समालोचक चारू शर्मांसोबत प्रो कबड्डीच्या उभारणीत होते आणि २०१४ मध्ये ती लीग सुरू झाली. यात विसंगती काढण्यासारखं काही नाही. खेळाडू पोसण्याऐवजी खेळाचा कार्यक्रम उभा करावा, असा कंपन्यांचा विचार बदलला होता.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. म्हणे या कायम नोकरीनेच खेळाडू सुस्तावले. पगार चालूच राहणार म्हटल्यावर सरावासाठी कोण मरमर करेल? आणि कंपनीच्या संघाला प्रेक्षक का जमेल? माटुंग्याच्या माणसाने एका खताच्या कारखान्यासाठी गळा फाडावा असं काय आहे? यातला दुसरा अर्धा भाग मला पुरता मान्य आहे. ऑफिस संघांनी मुंबईच्या वस्त्यांना आपलं असं काही दिलं नाही. वांद्रे, माहीम, नागपाडा, मदनपुरा, मालाडचं ऑर्लेम इथे खेळ जिवंत होता, पण वस्तीने घडवलेला पोरगा मोठा होताच कंपनी उचलून नेई आणि वस्तीचं त्याच्याशी असलेलं नातं तिथे सैल होई. इंग्लंडमधला बरी हा क्लब २०१९ मध्ये लीगमधून हाकलला गेला, तेव्हा गावकऱ्यांनी वर्गणी गोळा करून नवा क्लब उभा केला. महिंद्रा युनायटेड बंद झाल्यावर असं करायला कोणी उरलंच नव्हतं, कारण तो संघ कोणत्याही गावाचा नव्हता. पण पहिला अर्धा भाग, म्हणजे सुस्तीचा, पुराव्यावर टिकत नाही. बरी बुडताना तिथल्या खेळाडूंचे पगार थकले होते. मुंबईत कायम नोकरीतल्या खेळाडूचा संघ विसर्जित झाला तरी त्याची नोकरी जात नसे. आणि हा सुस्त म्हणवला जाणारा संघप्रकार रोव्हर्स जिंकत होता, राष्ट्रीय लीगपर्यंत पोचत होता.

पोटाची सोय आणि वस्तीचं प्रेम या दोन्हींचा मेळ घालता येतो का, हे तपासायला महाराष्ट्रातच एक उदाहरण आहे, पण ते मुंबईत नाही. कोल्हापुरात पाटाकडील, खंडोबा, शिवाजी, दिलबहार हे संघ तालमी आणि पेठांचे. राजर्षी शाहू स्टेडियमवर पेठेविरुद्ध पेठ उतरली की गर्दी होते, भांडणं होतात, पोलीस लागतात. इंग्लंडच्या खालच्या श्रेणीशी नातं सांगावं असं महाराष्ट्रात काही असेल तर ते हेच. २०१७ च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात खेळलेला अनिकेत जाधव याच शहराचा. पण पेठेच्या प्रेमावर संघ टिकतो, माणसाचं पस्तीस वर्षांचं भागत नाही. म्हणून मुंबईचं अपयश केवळ प्रेक्षकांचं म्हणून सोडून देता येत नाही. इथे पोटाची सोय होती पण वस्तीचं प्रेम नव्हतं, तिकडे वस्ती भरभरून आहे आणि पोटाची चिंता आहे. दोन्ही एकत्र आणणारी व्यवस्था राज्याच्या फुटबॉलने कधी बनवली नाही, आणि हा दोष मला कोणत्याही एका कंपनीपेक्षा मोठा वाटतो.

सरकारने काही केलं नाही असंही नाही. राज्याच्या नोकऱ्यांत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे. पण ते स्पर्धेतल्या पदकाच्या प्रमाणपत्रावर मिळतं. ज्याने कार्यालयात येऊन दहा वर्षं खेळत राहावं, त्याच्यासाठी ते नाही. झालेल्या खेळाचं ते बक्षीस, पुढच्या खेळाची तरतूद नव्हे. दुसरीकडे २०१४ पासूनच्या इंडियन सुपर लीगने करार दिले, चांगले पैसे दिले, मुंबई सिटीसारखा संघ दिला. पण मुंबईला एकच संघ, त्यात परदेशी खेळाडू, देशभरातून निवडलेले खेळाडू. पूर्वी मुंबईच्या डझनभर ऑफिस संघांत मिळून जितक्या जागा होत्या, तितक्या एका फ्रँचायझीत कशा मावणार? खालिद जमीलची कारकीर्द यासाठी पाहण्यासारखी आहे. मिडफिल्डर म्हणून तो महिंद्रा, एअर इंडिया, पुन्हा महिंद्रा आणि शेवटी मुंबई एफसी असा खेळला, मग त्याच मुंबई एफसीचा सात वर्षं प्रशिक्षक राहिला. २०१७ मध्ये त्याने छोट्या ऐजॉल एफसीला आय-लीगचं विजेतेपद मिळवून दिलं आणि २०२५ मध्ये तो भारतीय संघाचा मुख्य प्रशिक्षक झाला. खेळाडू म्हणून त्याला घडवणाऱ्या संस्थांपैकी आज महिंद्राचा संघ नाही, मुंबई एफसी नाही आणि एअर इंडियाही जानेवारी २०२२ पासून खासगी मालकीची आहे. वांद्र्याच्या नेव्हिल डिसोझा मैदानावर जिल्हा लीगचे सामने अजून होतात. त्यात खेळणाऱ्या चारकोपच्या किंवा मालवणीच्या विशीतल्या मिडफिल्डरपुढे आता दोनच वाटा आहेत: फ्रँचायझीच्या मोजक्या जागांपैकी एक पटकावणं, किंवा रेल्वे-पोलिसांच्या क्रीडा भरतीची जाहिरात निघण्याची वाट पाहणं. तिसरी वाट, म्हणजे भरपूर चांगला पण असामान्य नसलेला खेळाडू म्हणून पंधरा वर्षं खेळून म्हातारपणाची तजवीज करणं, ती ऑफिसांसोबत बंद झाली.